फ्रान्सिस मॅरियनची श्रेयनामावली आणि माझे वाया गेलेले आठ महिने

तुमचा प्रश्न वाचला आणि नऊ वर्षांपूर्वीची मीच समोर आले. दिवाळी अंकासाठी हॉलिवूडच्या जुन्या काळातली पटकथालेखिका फ्रान्सिस मॅरियन हिच्यावर लिहिताय, तिच्या चित्रपटांचा आकडा जिथे पाहावा तिथे वेगळा, आणि चित्रपटांचे कागद जपणाऱ्या परदेशातल्या संग्रहाकडे पटकथा मागितली तर "हक्कधारकांची परवानगी आणा" एवढंच एका ओळीचं उत्तर. माझंही नेमकं हेच झालं होतं. ती कोण, मूकपटांची तारका मेरी पिकफर्ड हिच्यासाठी तिने काय लिहिलं, हे तुम्हाला ठाऊक आहेच, म्हणून ते सोडून देते.

आधी आकड्याबद्दल. तो जुळणार नाही, जुळवत बसू नका. कोणी लिहिलेलं सगळं मोजतं आणि तीनशेच्या वर जातं, कोणी फक्त पडद्यावर नाव आलेलं मोजतं. त्यात 'द फाउंडलिंग'सारखे घोळ. १९१५ साली स्टुडिओला आग लागून त्याची निगेटिव्ह जळाली, मग तो नव्याने चित्रित करून १९१६ साली लावला. हा एक धरायचा की दोन? शिवाय नवरा फ्रेड थॉमसन याच्या काउबॉय चित्रपटांसाठी ती फ्रँक एम. क्लिफ्टन या पुरुषी नावाने लिहायची. ते नाव माहीत नसलं की काही चित्रपट यादीतून आपोआप गळतात.

दुसरं म्हणजे, स्टोरी (कथा), सिनारिओ (मूकपटाची प्रसंगवार मांडणी), अ‍ॅडाप्टेशन (रूपांतर), डायलॉग (संवाद) या सगळ्यांना मराठीत सरसकट 'पटकथा' म्हणू नका. मी म्हटलं होतं. "पटकथेसाठी दोन ऑस्कर" असं ठसठशीत छापूनही आलं. 'द बिग हाउस'चं (१९३०) पारितोषिक लेखनाचं होतं, पण 'द चॅम्प'चं (१९३१) मूळ कथेचं. 'द चॅम्प'चं पडद्यासाठीचं लेखन लिओनार्ड प्रॅस्किन्स यांच्या नावावर आहे. एका वाचकाने पत्र लिहून चूक दाखवली तेव्हा फार वाईट वाटलं.

पण सगळ्यात महाग पडली ती पुढची चूक. एमजीएम या स्टुडिओच्या तिच्या एका चित्रपटाची पटकथा मी मागवली. चित्रपटाचं नाव लिहीत नाही, त्यावरून संग्रह ओळखू येईल. माझं पत्र असं होतं: "फ्रान्सिस मॅरियन यांच्यासंबंधी उपलब्ध सर्व कागदपत्रं पाठवावीत." अशा पत्राला कोणीही टाळतं, हे आज कळतं. त्यांनी हक्कधारकांकडे पाठवलं, हक्कधारक म्हणाले कागद ज्यांच्याकडे आहेत त्यांना विचारा, आणि पुन्हा पहिल्यांकडे गेले तर टेबलावर नवा माणूस, त्याला मागचा पत्रव्यवहार सापडेना. असे तीन फेरे झाले. शेवटी पैसे भरून १४० पानांच्या झेरॉक्स आल्या, त्याही काळ्या-पांढऱ्या. स्टुडिओच्या काळात पटकथेत बदल झाला की बदललेली पानं वेगळ्या रंगाच्या कागदावर काढून आत घालायची पद्धत होती. झेरॉक्समध्ये तो रंग गेला. कोपऱ्यातल्या बारीक तारखांकडे माझं लक्षच गेलं नाही. तिची म्हणून ज्या प्रसंगावर मी तीन पानं विश्लेषण लिहिलं, ती पानं तिला त्या चित्रपटावरून काढून दुसऱ्या लेखकाकडे काम दिल्यानंतरची निघाली. लेख छपाईला जायच्या आधल्या आठवड्यात मागे घ्यावा लागला.

त्या संग्रहाच्या कार्यालयाबद्दल अजूनही राग आहे. "ही पानं रंगीत आहेत, रंगीत प्रत घ्या" एवढं एक वाक्य त्यांना लिहिता आलं असतं.

तेव्हा मागणी एका चित्रपटाची, एका मसुद्याची करा. आधी फक्त मसुद्यांची यादी मागा, तारखांसकट. प्रत पुरवणं आणि छापायची परवानगी या दोन निराळ्या गोष्टी आहेत, पत्रातच लिहा की तुम्हाला अभ्यासापुरती प्रत हवी आहे. (मी वकील नाही. हा माझ्यापुरता अनुभव, नियम आता बदललेही असतील.) आणि मूकपटांच्या काळासाठी पत्रव्यवहारात पडूच नका. त्या वेळची अमेरिकन सिनेमासिकं आणि सिनेधंद्याची साप्ताहिकं मीडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररी या संकेतस्थळावर फुकट वाचायला मिळतात, तीत तिचं नाव कधी कुठल्या कामासाठी आलं ते आठवड्यागणिक दिसतं.

एक मत, पटलं नाही तर सोडून द्या. "पिकफर्डची मैत्रीण म्हणून काम मिळालं" हे वाक्य लेखात येऊ देऊ नका. 'द बिग हाउस' या तुरुंगावरच्या चित्रपटासाठी ती कॅलिफोर्नियातल्या सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात जाऊन आली, ते काय पिकफर्डच्या ओळखीवर? मेरी ड्रेसलर या अभिनेत्रीला लोक विसरले होते, तिला पुन्हा उभं करण्यात मॅरियनच्या लेखनाचा हात होता, आणि 'मिन अँड बिल' या चित्रपटाने ड्रेसलरला ऑस्कर मिळालं. १९३३ साली पटकथालेखकांची संघटना उभी राहिली तेव्हा मॅरियन तिची उपाध्यक्ष होती. पडद्यावर नाव कोणाचं लागणार हे तोवर निर्माते ठरवायचे, संघटनेच्या हाती ते १९४० च्या दशकात आलं. म्हणून तिच्या उमेदीच्या वर्षांतलं पडद्यावरचं नाव हा तिच्या कामाचा पूर्ण पुरावा नाही, तसंच नाव नसणं हाही नाही. लेखाचा कणा हाच ठेवा असं मला फार वाटतं.

संग्रहाला लिहायच्या पत्राचा माझा शेवटचा मसुदा जपून ठेवलाय, त्यालाच पहिल्यांदा धड उत्तर आलं होतं. हवा असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. अंकाची मुदत कधीची आहे तेही कळवा, कारण त्या पत्राला उत्तर यायलाही सात आठवडे लागले होते.