उन्हाच्या कवडशात आजीचं अंगण दिसेल का?

प्रश्न : लोलकातून ऊन गेलं की सात रंग वेगळे होतात, तसे कधी काळ वेगळे झाले तर? म्हणजे कौलातून कवडसा पडलाय, त्याच्या एका पट्टीत आजचं अंगण आणि शेजारच्या पट्टीत ४० वर्षांपूर्वीचं, आजी पाटावर बसून शेवया वळतेय असं. कथेपुरतं ठीक आहे हो, पण ह्यात खरं काही असू शकतं का? (एक वाचक, सातारा)

उत्तर : काचेला हे जमणार नाही, ते आधीच सांगून टाकतो. काचेत जांभळा रंग जरा जास्त वळतो, तांबडा कमी, एवढाच लोलकाचा खेळ, आणि उजेडावर काही तारखेचा शिक्का नसतो त्यामुळे तारखेप्रमाणे वळायचा प्रश्नच येत नाही. पण आकाशात मात्र तुम्ही म्हणता त्याच्या बरंच जवळ जाणारं काहीतरी खरोखर घडतं आणि त्याचे फोटो आहेत.

समजा पुण्यात लग्न लागलं आणि तीन गाड्या एकाच वेळी महाडला निघाल्या, एक वरंध घाटातून, एक ताम्हिणीतून आणि तिसऱ्या ड्रायव्हरने कुणाचं तरी ऐकून खोपोली-पेणवरून घातली. तिन्ही गाड्यांत बातमी एकच, पण महाडच्या घरी ती तीनदा पोचणार, आणि शेवटच्या गाडीतली मावशी उतरल्या उतरल्या अगदी आत्ताच घडल्यासारखं सगळं परत सांगणार. उजेडाचंही तसंच होतं. मध्ये एखादी मोठी दीर्घिका (म्हणजे अब्जावधी ताऱ्यांचा समूह) किंवा दीर्घिकांचा गुच्छ आला की त्याच्या वजनाने उजेडाची वाट वाकते, एकाच वस्तूचा उजेड तीन-चार वाटांनी आपल्याकडे येतो, आणि वाट लांब शिवाय वजनाजवळ वेळही हळू चालते म्हणून प्रत्येक वाटेला उशीर वेगळा. १९७९ मध्ये शेजारी शेजारी दिसणारे दोन क्वेसार (म्हणजे फार लांबच्या दीर्घिकांचे प्रचंड तेजस्वी गाभे) खरं तर एकच आहेत असं लक्षात आलं, आणि त्या दोन प्रतिमांत पुढे ४१७ दिवसांचा फरक निघाला. म्हणजे आज डावीकडे जे दिसतंय ते उजवीकडे वर्षभरापूर्वीच दिसून गेलंय! तुमच्या दोन पट्ट्याच की.

घरी बघायचं असेल तर दांड्याचा काचेचा ग्लास घ्या, आईस्क्रीमवाला. त्याच्या तळाची चकती दांड्याजवळ जाड आणि कडेला पातळ असते. अंधारात लांब मेणबत्ती ठेवून त्या तळातून बघा, ज्योतीचं कडं दिसेल, ग्लास जरासा कलता केला की कडं तुटून दोन-चार तुकडे होतात. ज्योत एकच आहे हे माहीत असूनही मी दरवेळी काच बाजूला करून खात्री करतो. उशीर मात्र ह्यात दिसत नाही, तेवढ्यासाठी दीर्घिकाच लागते.

प्रश्न : मागचं दिसतं हे कळलं, पण पुढचं काय? भविष्याची पट्टी? (वरच्याच पत्रातला दुसरा प्रश्न)

उत्तर : हे मला जास्त आवडतं. नोव्हेंबर २०१४ मध्ये हबल दुर्बिणीच्या फोटोत दीर्घिकांच्या एका गुच्छातल्या दीर्घिकेभोवती चार ठिपके सापडले, चारही एकाच ताऱ्याचा स्फोट. आता त्या गुच्छाचं वजन कुठे किती आहे ह्याचा हिशोब बऱ्याच जणांनी मांडला आणि निघालं असं की ह्याच स्फोटाची एक प्रतिमा नव्वदच्या दशकात येऊन गेली, तेव्हा कुणाचं लक्ष नव्हतं, आणि अजून एक यायची आहे, साधारण वर्षभरात, अमुक जागी. मग दुर्बीण पुन्हा पुन्हा तिकडे वळवून बघत राहिले. ११ डिसेंबर २०१५ ला ठिपका हजर, सांगितलेल्या जागी! स्फोट होऊन ९०० कोटींहून जास्त वर्षं झालेली, पण आपल्यासाठी तो उद्या घडणार होता आणि आपल्याला आज माहीत होतं. त्याला रेफ्सडाल नाव दिलंय. असा उशीर मोजून विश्व किती वेगाने पसरतंय ते काढता येईल असं नॉर्वेच्या स्यूर रेफ्सडाल ह्यांनी १९६४ मध्येच लिहून ठेवलेलं. ते २००९ मध्ये गेले, बघायला राहिले नाहीत, ह्याची चुटपुट लागते.

अशीच दुसरी बातमी अजून वाटेत आहे. रिक्विएम नावाच्या स्फोटाच्या तीन प्रतिमा २०१६ च्या फोटोत आहेत, चौथी गाडी गुच्छाच्या पार मधून येतेय, २०२१ मध्ये मांडलेल्या हिशोबाप्रमाणे साधारण २०३७ ला पोचेल, दोनेक वर्षं इकडेतिकडे.

आता आजी. तिच्या अंगणातलं ४० वर्षांपूर्वीचं ऊन थेट आकाशात निघून गेलं, स्वातीचा तारा ३७ प्रकाशवर्षांवर आहे, त्याच्याही पुढे पोचलं असेल. ते आज परत दिसायचं तर २० प्रकाशवर्षांवर कुणीतरी आरसा धरून बसायला हवं होतं. हसू नका, १५७२ मध्ये शर्मिष्ठा तारकासमूहात जो तारा फुटलेला दिसला त्याचा उजेड लांबच्या धुळीच्या ढगावर आपटून २००८ मध्ये पुन्हा इथे आला आणि तो तपासून स्फोट कुठल्या जातीचा तेही कळलं. ४३६ वर्षांनी! पण तो अख्खा तारा फुटलेला, त्याच्यापुढे शेवयांच्या पाटावरचं ऊन म्हणजे काहीच नाही. कथेत मात्र तो आरसा बिनधास्त ठेवा, फक्त अंतर २० च लिहा, नाहीतर कुणीतरी पत्र पाठवेल.