५ एचपीचं डिझेल इंजिन पूर्ण लोडवर तासाला १.२ लिटर डिझेल खातं. हीट इनपुट आणि थर्मल एफिशियन्सी कशी काढायची?

हीट इनपुट (इंधनातून मिळणारी उष्णता) साधारण ११.८ किलोवॅट आणि ब्रेक थर्मल एफिशियन्सी (त्यातली किती शाफ्टवर कामाला येते) ३१ टक्क्यांच्या आसपास येईल. आधी लिटरचे किलो करा, गणित बहुतेक वेळा इथेच चुकतं. डिझेलची घनता लिटरला ०.८३ किलोच्या आसपास, म्हणजे १.२ लिटर म्हणजे जवळपास १ किलो. डिझेलची कॅलरीफिक व्हॅल्यू, म्हणजे जळल्यावर मिळणारी उष्णता, किलोला ४२,५०० किलोज्यूल धरा.

हीट इनपुट = १ × ४२,५०० ÷ ३,६०० = ११.८ किलोवॅट
आउटपुट = ५ एचपी = ३.७ किलोवॅट
एफिशियन्सी = ३.७ ÷ ११.८ = ०.३१

३,६०० ने भागायचं कारण इंधन तासाला मोजलंय आणि किलोवॅट म्हणजे सेकंदाला किलोज्यूल. उरलेली उष्णता सायलेन्सर, कूलिंगचं पाणी आणि इंजिनच्या अंगावाटे जाते. एवढ्या छोट्या इंजिनाला ३१ टक्के चांगलेच म्हणायचे. मात्र ४२,५०० ही लोअर व्हॅल्यू आहे, म्हणजे धुरातल्या वाफेबरोबर जाणारी उष्णता त्यात धरलेली नाही; हायर व्हॅल्यूत ती धरतात. प्रश्नात हायर (सुमारे ४५,५००) दिली असेल तर तीच घ्या, उत्तर २९ टक्क्यांवर येईल. आणि इंजिनाच्या प्लेटवरचे ५ एचपी पूर्ण लोडचे असतात, ते अर्ध्या लोडच्या इंधनाशी जोडू नका.