जॅनेट हॅमिल्टनला पन्नाशीपर्यंत लिहिता येत नव्हतं, मग ती कवयित्री कशी झाली?

लिहिता येत नव्हतं म्हणजे ती निरक्षर असणार, असं तुम्ही प्रश्नात गृहीत धरलंय. गडबड तिथेच आहे. तिला वाचता उत्तम येत होतं, फक्त लिहिता येत नव्हतं. त्या काळच्या स्कॉटलंडमध्ये ही दोन वेगळी कौशल्यं होती. बायबल वाचता यावं म्हणून गरीब घरांतही वाचन शिकवत. लेखन त्यानंतर, वेगळी फी भरून, आणि मुलींच्या बाबतीत बहुतेकदा राहूनच जाई.

जॅनेटचा जन्म १७९५ चा, लॅनार्कशरमधल्या शॉट्स परगण्यातला. वडील जोडे शिवत. ती शाळेत गेलीच नाही. वाचायला आईने शिकवलं. आठेक वर्षांची असताना एका विणकराच्या मागावर तिला मिल्टनचं ‘पॅराडाइज लॉस्ट’ आणि स्कॉट्स बोलीत लिहिणाऱ्या अॅलन रॅमझीच्या कविता सापडल्या. एकीकडे भारदस्त इंग्रजी, दुसरीकडे घरातली स्कॉट्स बोली. पुढे तिने दोन्हींत लिहिलं. पोटासाठी सूतकताई आणि चौकटीवरचं भरतकाम चालूच होतं.

१८०९ मध्ये, तेराव्या वर्षी, वडिलांकडे काम करणाऱ्या जॉन हॅमिल्टनशी तिचं लग्न झालं. (तिथे तेव्हा मुलींसाठी कायदेशीर वय बारा होतं.) विशीच्या आत तिने काही धार्मिक कविता रचल्या, ती सांगायची, नवरा उतरवून घ्यायचा. मग मुलं झाली, एकूण दहा, आणि रचना थांबली ती थेट चोपन्नाव्या वर्षापर्यंत. वाचन मात्र थांबलं नाही, कारण मूल अंगावर पाजतानाही पुस्तक वाचता येतं. लेखनाला दोन्ही हात आणि सलग वेळ लागतो, किंवा मोकळा लेखनिक. मला तरी त्या मौनाचं कारण इतकं साधं वाटतं.

पन्नाशीच्या आसपास ती लिहायला शिकली, तेही स्वतःच्याच पद्धतीने: छापील अक्षरांसारखी एकेक सुटी अक्षरं काढून. कॅसेल या प्रकाशकाच्या कामगारांसाठीच्या नियतकालिकात तिचे निबंध येऊ लागले. पण शेवटची अठरा वर्षं ती आंधळी होती. मुलगी मॅरियन आणि नवरा वाचून दाखवत, मुलगा जेम्स उतरवून घेई. १८६३, १८६५ आणि १८६८ ची पुस्तकं अशी अंधपणातच निघाली. ती वारली १८७३ मध्ये. घरापासून वीस मैलांपलीकडे ती कधी गेली नाही, पण इटलीच्या स्वातंत्र्यावर तिच्या कविता आहेत.

वाचायला ‘ऊर लोकेशन’ (आमची वस्ती) या कवितेपासून सुरुवात करा. ती राहायची त्या कोटब्रिजच्या लँगलोनचं हे चित्र आहे. जेम्स नीलसनने १८२८ मध्ये लोखंडाच्या भट्टीत गरम हवेचा झोत सोडण्याच्या पद्धतीचं पेटंट घेतलं. त्यामुळे भट्टीला कोळसा कमी लागू लागला आणि जवळचं लोहखनिज वितळवणं परवडू लागलं. बघता बघता खेड्यांच्या भट्ट्या झाल्या. कवितेत शंभर धुराडी, काजळी, कोळसा आहे, आणि त्यांच्याइतकाच ठळक आहे दारूचा गुत्ता. दारूविरोध हा तिचा कायमचा विषय. तिथे ती उपदेशावर घसरते, हे कबूल करायला हवं. इंग्रजी कवितांमध्ये तर हे फारच होतं; स्कॉट्समध्ये मात्र तिची जीभ धारदार चालते. ‘अ प्ली फॉर द डोरिक’ (डोरिक म्हणजे स्कॉट्सच) ही त्या बोलीची बाजू घेणारी कविता जरूर वाचा.

तिच्या लेखनाच्या १८८० च्या आवृत्तीतल्या पाद्र्यांच्या प्रस्तावना आधी वाचू नका, त्यांत ती फारच सोज्ज्वळ होऊन बसते. आणि शब्दकोश स्कॉट्सचाच घ्या, इंग्रजीचा फसवतो. ‘रीक’ म्हणजे दुर्गंधी नाही, धूर. ‘व्हीन’ म्हणजे थोडेसे. ‘ग्रीट’ म्हणजे स्वागत करणं नाही, रडणं.