मोल्ड-फ्लो सॉफ्टवेअरचं नवं व्हर्जन घेतलंत? आधी मटेरियल बघा

साच्यात प्लास्टिक कसं भरेल आणि पार्ट किती वाकेल हे हे सॉफ्टवेअर आधीच दाखवतं. गेटची (प्लास्टिक साच्यात शिरतं त्या तोंडाची) जागा आपोआप सुचवणारं नवं फीचर जरूर वापरा, पण स्लायडर (साच्याचा सरकणारा भाग) कुठे येतोय, रनरला (गेटपर्यंत प्लास्टिक नेणाऱ्या वाटेला) जागा आहे का, हे त्याला सहसा कळत नाही. टूलरूमला (साचा बनवणाऱ्यांना) विचारूनच गेट पक्कं करा.

खरी गोम मटेरियलमध्ये. तुमचा ग्रेड (प्लास्टिकचा नेमका प्रकार) सॉफ्टवेअरच्या लायब्ररीत नसेल तर नाव जुळतंय म्हणून दुसरा उचलू नका. 30 टक्के ग्लास-फिल्ड (काचेचे तंतू मिसळलेल्या) नायलॉनच्या जागी साधं नायलॉन टाकलंत तर वॉरपेजचं (पार्ट वाकण्याचं) उत्तर साफ चुकणार. ग्लास-फिल्डमध्ये पार्ट वाकतो तो मुख्यतः फायबरच्या, म्हणजे त्या तंतूंच्या, दिशेमुळे. थ्रीडी मेश (हिशेबासाठी पार्टचे एलिमेंट नावाचे छोटे तुकडे पाडणं) आता एका क्लिकवर होतो, तरी पातळ रिबच्या (आधाराच्या पट्टीच्या) जाडीत किती एलिमेंट बसलेत ते सेक्शन काढून बघाच. आणि पार्ट स्क्रीनवर केळ्यासारखा वाकलेला दिसला तर घाबरण्याआधी स्केल फॅक्टर पाहा, बरेचदा वाक कित्येक पट वाढवून दाखवलेला असतो.