डेलावेअरला एक, गोव्याला दोन

प्रश्न : माझी मुलगी अमेरिकेतील डेलावेअर राज्यात राहते. तिथून प्रतिनिधिगृहात एकच सदस्य निवडला जातो, हे खरे का? आपल्या गोव्याला तर लोकसभेत दोन खासदार आहेत.
— एक वाचक, फोंडा

उत्तर : होय, खरे आहे. प्रतिनिधिगृहाच्या ४३५ जागा दर दहा वर्षांच्या जनगणनेनुसार राज्यांत वाटल्या जातात आणि प्रत्येक राज्याला किमान एक जागा मिळते. सुमारे दहा लाख वस्तीच्या डेलावेअरच्या वाट्याला तेवढीच येत असल्याने अख्खे राज्य हाच एक मतदारसंघ ठरतो आणि सीमा आखण्यावरून होणारी पक्षीय ओढाताण तिथे उद्भवत नाही. (बहुतेक राज्यांत त्या सीमा विधिमंडळच आखते, ही मला त्या पद्धतीतील सर्वांत गंभीर उणीव वाटते, आपल्याकडे हे काम स्वतंत्र परिसीमन आयोग करतो.) सिनेटमध्ये मात्र डेलावेअरचे दोन सदस्य बसतात, कॅलिफोर्नियाइतकेच. आपल्या राज्यसभेत अशी समानता नाही : उत्तर प्रदेशाला ३१ जागा आहेत, गोव्याला एक. उत्तर आणि दक्षिण गोवा हे लोकसभेचे दोन मतदारसंघ प्रत्येकी २० विधानसभा मतदारसंघांचे मिळून बनले आहेत. त्यामुळे केंद्रीय सभागृहांतील एकूण सदस्य दोन्ही राज्यांचे तीनच, परंतु डेलावेअरचे दोघे शंभर जणांच्या सभागृहात बसतात.