रडायला जागा कुठं होती?

प्रश्न: सर नमस्कार, मी अंबाजोगाईची, एमए मराठी झालंय, पीएचडीसाठी ग्रामीण कादंबरीतला पुरुष आणि त्याचं खासगी जग असा विषय डोक्यात आहे. पण घरचे म्हणतात प्रायव्हसी हे शहरातलं फॅड, आपल्या माळवदाच्या घरात दहा-बारा माणसं एकाच जागी झोपायची, तिथं कसली आली प्रायव्हसी. विषय बदलू का?

उत्तर: अजिबात बदलू नका ताई. शब्द नवा असेल, गरज जुनीच आहे. सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांनी २४ ऑगस्ट २०१७ ला खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे असं सांगितलं, पण आपल्या बाया कितीतरी पिढ्या आधीपासून पहाटे घर झोपलेलं असताना जात्यावर बसून सासरचं सगळं दुखणं ओवीत घालत होत्या, ती जात्याची घरघर हेच त्यांचं लावून घेतलेलं दार.

बाप्यांचं उलटं. ओसरी त्यांची, पार त्यांचा, पण रडायला जागा नाही. एका साली ज्वारी हातची गेली तेव्हा आमचे आजोबा घरात चकार शब्द बोलले नाहीत, जेवले आणि शेतातल्या आखाड्यावर, गुरांपाशी झोपायला गेले. सकाळी मी भाकरी घेऊन गेलो तर गव्हाणीपाशी पटक्याचं टोक तोंडात कोंबून हुंदके देत होते, मला बघितलं की उठून बैलाला वैरण टाकायला लागले. आजी होती तोवर मी हे कुणाला सांगितलं नाही.

आता रा. रं. बोराडे सरांची १९७१ ची 'पाचोळा' ही कादंबरी परत वाचा. गंगाराम शिंप्याचा ताठा सगळ्या घराला नडतो, पण सांगतंय कोण, तर त्याची बायको पार्वती, तेही आपल्या मराठवाडी बोलीत. त्याच्या आतलं आपल्याला कळतं ते तिच्याकडून. तो गप्प का आणि ती बोलते कशी, हेच तुमचं पहिलं प्रकरण समजा.

जात मात्र सोडू नका, हे हात जोडून सांगतो. वाड्याला निदान भिंती होत्या, माजघर होतं, गावकुसाबाहेरच्या एका खोलीत राहणाऱ्या माणसानं अपमान गिळायला कुठं जायचं? दलित आत्मकथनं कादंबरीच्या शेजारी ठेवूनच वाचा.

पुस्तकी थिअरी नंतर बघू. आधी गावात विचारा, जीव भरून आला की गडीमाणसं कुठं जायची. सुरुवात वडिलांपासून करा, पण चारचौघात नको, शेताकडं जाताना विचारा.