मुलीला लहान मुलांच्या पुस्तकांची लेखिका-चित्रकार व्हायचंय. खान्देशात राहून हे जमतं का?

चोपड्याच्या एका भाऊंनी विचारलंय. मुलगी बारावीला आहे, गोष्टही आपणच लिहायची आणि चित्रंही आपणच काढायची असं म्हणते. यात पोट भरतं का, पुण्याला जावं लागतं का, आणि ती मागतेय तो चाळीस हजारांचा टॅब्लेट घ्यावा का? मी फैजपूरजवळच्या एका गावात राहून सतरा वर्षं हेच करतेय, म्हणून लिहिते.

भाऊ, पोटाचं आधी सांगते, नाहीतर पुढचं तुमच्या डोक्यात शिरणार नाही. नुसत्या पुस्तकांवर माझं घर कधी चाललं नाही. समजा पुस्तक ६० रुपयांचं, रॉयल्टी १० टक्के, आवृत्ती २,००० प्रतींची. सगळ्या प्रती खपल्या तर १२,००० रुपये, आणि खपायला तीन वर्षं लागली तर वर्षाचे चार हजार. लेखक आणि चित्रकार वेगळे असले तर त्यातही वाटणी. पुस्तकं पाच-सात झाली, जुनी पुन्हा छापली जाऊ लागली की जरा श्वास मिळतो. तोवर मी दिवाळी अंकांची, स्वाध्याय पुस्तिकांची चित्रं काढली, आणि एटीडी, म्हणजे चित्रकला शिक्षकाची पदविका, केलेली असल्यामुळे शाळेत तासिकेवर चित्रकला शिकवते, अजूनही. तुमच्या मुलीने चित्रकलेच्या एलिमेंटरी-इंटरमिजिएट परीक्षा दिल्या असतील तर एटीडीचा विचार जरूर करा. नोकरीची हमी नाही, पण हात बसतो.

माझं पहिलं पुस्तक केळीच्या बागेत हरवलेल्या करडाचं. छापून गठ्ठा घरी आला त्या दिवशी बाबा ओसरीवर बसून, बोटाला थुंकी लावून एकेक पान उलटत होते. सातव्या पानावर थांबले. मग त्यांनी पुस्तकच उलटं धरलं. माझं करडू पाय वर करून आभाळाला लटकलं. "आता बराबर," म्हणाले आणि पुढे काही बोललेच नाहीत. मी घडातल्या केळ्यांची टोकं खाली काढली होती, शाळेच्या तक्त्यावर असतात तशी. खरं तर घड खाली लोंबतो, पण त्यातली केळी वाढताना वर वळतात. जन्म केळीत गेला आणि चित्र मात्र तक्त्यावरून आलं. (चित्रात केळफूल दाखवायचं विसरले होते, ते मात्र खपून गेलं. फण्या पुऱ्या झाल्या की आमच्याकडे ते कापूनच टाकतात.) तेव्हापासून कापणी असली की वही घेऊन बांधावर बसते. घड खांद्यावर घेतलेल्या माणसाची मान कुठे वळते, दुसरा हात कुठे जातो, हे मनाने काढलं की हमखास चुकतं.

आता खरं काम. चांगली चित्रं काढणाऱ्या मुली खूप असतात. पुस्तकाला पानं असतात आणि ती उलटतात, याचा विचार फार कमी जणी करतात. मुलीला सांगा, आठ ए-फोर कागद मधोमध दुमडून एकात एक घाल. ३२ पानं झाली. ही डमी, पुस्तकाचा कच्चा नमुना. छापखान्यात मोठा कागद छापून दुमडतात, त्याचा १६ पानांचा एक फर्मा होतो, ८ पानांचा अर्धा, म्हणून पुस्तकं १६, २४, ३२ पानांची असतात. गोष्ट एकोणिसाव्या पानावर संपली तर चालत नाही. करडू झुडपाआड डोकावतंय हे उजव्या पानावर ठेवायचं आणि त्याला काय दिसलं ते पान उलटल्यावर. चेहरा दोन पानांच्या मधल्या घडीत आला तर नाकच गायब होतं. माझं झालंय.

दोन्ही कामं एकीनेच करण्यातली मजा ही की शब्द खोडता येतात. माझ्या मसुद्यात "करडू पांढरंशुभ्र होतं" असं वाक्य होतं. संपादक ताईंनी रेघ मारून शेजारी लिहिलं, "दिसतंय की." हे शिकायला मला सगळ्यात जास्त उपयोग अजिंठ्याचा झाला. जळगावहून एसटीने सकाळी निघून संध्याकाळी परत येता येतं. तिथे एकाच भिंतीवर एकच माणूस पुन्हा पुन्हा भेटतो: इथे महालात बसलाय, पुढे निघालाय, आणखी पुढे पोहोचलाय. मध्ये चौकट नाही, तरी जातककथा कळत जाते. एक दिवस फक्त एका भिंतीसमोर काढायचा, सगळ्या लेण्या पळत बघायच्या नाहीत.

भाषेवरून माझं एकदा चांगलंच वाजलं. आमच्या लेवा बोलीत केळीची केयी होते, डोळ्याचा डोया. आसोद्याच्या बहिणाबाईंची गाणी १९५२ साली छापून आली ती याच बोलीतली, पण मुलांच्या पुस्तकात बोली आली की "पुण्याच्या मुलांना कळणार नाही" हे ऐकावं लागतं. शेवटी निवेदन प्रमाण मराठीत आणि आजीचं बोलणं बोलीत, अशी तोड निघाली. तुम्ही चोपड्याचे, घरात अहिराणी असेल तर तिला ती झाकायला लावू नका.

कागदपत्रांचं मात्र बाप म्हणून तुम्ही बघा. सुरुवातीला मी एका प्रकाशकाला तोंडी बोलण्यावर चित्रं दिली. वर्षभराने तीच चित्रं दुसऱ्याच पुस्तकाच्या कव्हरवर, माझं नाव नाही, पैसे नाहीत. भांडायला हातात कागद नव्हता. कॉपीराइट कायदा १९५७ चा आहे. त्याच्या कलम १९ प्रमाणे हक्क सोपवण्याचा करार लेखी आणि सहीचा हवा; मुदत लिहिली नसेल तर पाच वर्षं, प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता. आणि कलम १७ प्रमाणे, पैसे देऊन मुद्दाम काढून घेतलेल्या चित्राचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, पैसे देणारा ठरू शकतो. म्हणून ब्रश उचलण्याआधी कागद. कव्हरवर नाव आणि मूळ चित्रं परत, हेही त्यात हवं.

पुण्याला राहायला जायची गरज नाही. पूर्वी मी मूळ चित्रं शेतातल्या ठिबक सिंचनाच्या उरलेल्या जाड पाइपात गुंडाळून एसटीच्या पार्सलने पाठवायची. चित्रं कधी दुमडली नाहीत. आता स्कॅन करून मेल करते. इथली खरी अडचण मे महिना. जलरंगाचा वॉश, म्हणजे पातळ रंगाचा सलग हात, कागदाच्या दुसऱ्या टोकाला पोहोचायच्या आत पहिलं टोक वाळतं आणि कडक रेघ उमटते. मे महिन्यात मी पहाटे चारला रंगवते आणि आठला झाकून ठेवते.

टॅब्लेट आत्ता नको. स्क्रीनवर केळीच्या पानाचा हिरवा झगझगतो, छपाईच्या चार शाईंत तोच मळकट उतरतो. कागदावर रंगवणाऱ्या मुलीला याची सवय आधीच असते. एक साधा स्कॅनर घ्या, ३०० डीपीआयला नीट चालणारा, आणि बरा कागद. वाचायला बालभारतीचं 'किशोर' आहे, १९७१ पासूनचे जुने अंक ऑनलाइन फुकट मिळतात. प्रथम बुक्सच्या स्टोरीवीव्हर या वेबसाइटवर मराठी चित्रपुस्तकं मोबाइलवरच उघडतात. माधुरी पुरंदरे लिहितातही आणि चित्रंही काढतात, त्यांची पुस्तकं मात्र विकत घ्या. पैसे उरले तर वर्षभराने टॅब्लेटचं बघू, तोवर तिच्या दोन डमी तरी तयार झालेल्या असतील.